सहानुभूती भरपूर, हाक मात्र नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

अन्यायाविरुद्ध कुठे एखादे आंदोलन उभे राहिले, की आपल्या वाचकपत्रांच्या स्तंभात दोन प्रकारची पत्रे हमखास येतात. पहिल्या प्रकारच्या पत्रात आंदोलकांचे कौतुक असते आणि शेवटी ‘पण समाज बधिर झाला आहे, कोणालाच कशाचे काही वाटत नाही’ असा सुस्कारा असतो. दुसऱ्या प्रकारच्या पत्राचा लेखक प्रांजळपणे विचारतो, की हे सारे मला पटते, परंतु माझ्यासारख्या सामान्य माणसाने एकट्याने करायचे तरी काय? ही दोन्ही पत्रे एकाच पानावर शेजारीशेजारी छापून आलेली मी पाहिली आहेत. दुसऱ्या पत्राने पहिल्याचा आरोप तिथल्या तिथे खोडून काढलेला असतो, पण ते कोणी ध्यानात घेत नाही. वाटणारी माणसे पुष्कळ आहेत. त्यांना कोणी, कुठे, कशासाठी यायचे हे सांगून बोलावलेले नाही, एवढेच. सामान्य माणसाच्या उदासीनतेविषयी आपण जितके लिहितो, त्याच्या निम्म्यानेही या बोलावण्याविषयी लिहीत नाही, म्हणून हा पत्रप्रपंच.

नेदरलँड्समधील हेग शहरात १९८३ साली अण्वस्त्रांच्या विरोधात प्रचंड निदर्शने झाली. त्या निमित्ताने बर्ट क्लँडरमन्स आणि डिर्क ऊगेमा या दोन अभ्यासकांनी त्या देशातील एका वस्तीतील लोकांची पद्धतशीर विचारपूस केली. सुमारे तीन-चतुर्थांश लोकांना निदर्शनांचा हेतू मान्य होता, आणि प्रत्यक्ष निदर्शनाला गेलेले मात्र शंभरात पाचही नव्हते. मधली माणसे कुठे गळाली, याचा त्या अभ्यासकांनी टप्प्याटप्प्याने माग काढला: काहींपर्यंत निरोपच पोहोचला नव्हता, काहींपर्यंत तो पोहोचला पण त्यांनी जावे असे त्यांना वाटले नाही, आणि ज्यांनी जायचे ठरवले होते त्यांच्यातलेही कितीतरी जण ऐनवेळच्या अडचणींमुळे घरी राहिले. यांतल्या बहुतेकांना ‘बधिर’ म्हणता येणार नाही. निरोप, सोबत आणि सोय यांपैकी काहीतरी त्यांना कमी पडले होते.

याहून बोलका पुरावा अमेरिकेतला आहे. मिसिसिपी राज्यात कृष्णवर्णीयांना मतदार म्हणून नाव नोंदवणेही जिवावरचे होते, तेव्हा १९६४ च्या उन्हाळ्यात तिथे जाऊन नोंदणीचे आणि शिकवण्याचे काम करण्यासाठी उत्तरेकडील विद्यापीठांतल्या तरुणांकडून अर्ज मागवण्यात आले होते. मोहिमेच्या प्रारंभीच तीन कार्यकर्त्यांचा खून झाला, इतके ते काम धोक्याचे होते. अर्ज मंजूर झालेल्यांपैकी काही गेले आणि काहींनी माघार घेतली. समाजशास्त्रज्ञ डग मॅकअ‍ॅडम यांनी पुढे ते जुने अर्ज मिळवले आणि गेलेल्या ७२० जणांची माघार घेतलेल्या २३९ जणांशी तुलना केली. दोन्ही गटांची तत्त्वे जवळपास सारखी होती; न्यायाची चाड दोघांनाही होती आणि अर्जातली भाषाही तितकीच कळकळीची होती. फरक पडला होता तो मुख्यतः दोन गोष्टींनी. जे गेले ते आधीपासून कुठल्या ना कुठल्या संघटनेत वावरत होते, आणि त्यांचे जवळचे कोणीतरी त्यांच्यासोबत जात होते. मला हा निष्कर्ष दिलासा देणारा वाटतो, कारण धैर्य ही काही मोजक्या लोकांना जन्मतः मिळालेली देणगी असती, तर बाकीच्यांनी टाळ्या वाजवण्यापलीकडे करण्यासारखे काही उरले नसते.

आपली पाठ्यपुस्तके आणि आपली जयंतीची भाषणे मात्र नेमके याच्या उलट शिकवतात. अमेरिकेतल्या मॉन्टगोमेरी शहरातील बस-बहिष्काराची गोष्ट सांगितली जाते ती अशी: शिवणकाम करून दमलेल्या एका कृष्णवर्णीय बाईने १ डिसेंबर १९५५ रोजी बसमधली आपली जागा गोऱ्या उतारूसाठी सोडायला नकार दिला, तिला अटक झाली, आणि सारे शहर पेटून उठले. या गोष्टीत रोझा पार्क्स यांच्या आयुष्यातली आधीची बारा वर्षे गाळलेली असतात. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झगडणाऱ्या संघटनेच्या स्थानिक शाखेच्या त्या १९४३ मध्येच चिटणीस झाल्या होत्या. अत्याचारांच्या तक्रारी लिहून घेणे, साक्षीदार शोधणे, पत्रव्यवहार सांभाळणे अशी कामे त्या करत आल्या होत्या, आणि अटकेच्या काही महिने आधी टेनेसीतल्या हायलँडर येथील प्रशिक्षण शिबिरालाही जाऊन आल्या होत्या. बसमधला तो नकार उत्स्फूर्त असेल, पण तो देणारी बाई अनेक वर्षे या कामात मुरलेली होती.

गोष्टीतला दुसरा गाळलेला भाग मला त्याहून महत्त्वाचा वाटतो. जो अ‍ॅन रॉबिन्सन नावाच्या, महाविद्यालयात इंग्रजी शिकवणाऱ्या एका बाई तेथील स्त्रियांच्या राजकीय मंडळाच्या अध्यक्ष होत्या. बसमधली वागणूक सुधारली नाही तर लोक बसवर बहिष्कार घालतील, असा इशारा देणारे पत्र त्यांनी महापौरांना मे १९५४ मध्येच लिहिले होते. पार्क्स यांच्या अटकेची बातमी कळताच त्या रात्री एक सहकारी आणि दोन विद्यार्थी यांना घेऊन महाविद्यालयाच्या चक्रमुद्रण यंत्रावर बसल्या, आणि पहाटेपर्यंत हजारो पत्रके छापून, कापून, गठ्ठे बांधून तयार झाली. ती कोणत्या शाळेत, कोणत्या दुकानात, कोणाच्या हाती द्यायची हे मंडळाने आधीच ठरवून ठेवलेले होते, म्हणून दुसऱ्या दिवशी ती शहरभर पोहोचली. पत्रकाने कोणालाही जन्मभराचा लढा मागितला नव्हता. सोमवारी बसने जाऊ नका, एवढीच मागणी होती. तो एक दिवस पार पडला, रिकाम्या बसगाड्या सर्वांनी डोळ्यांनी पाहिल्या, आणि त्या संध्याकाळी चर्चमध्ये जमलेल्या लोकांनी बहिष्कार पुढे चालू ठेवण्याचे ठरवले. मार्टिन ल्यूथर किंग त्या वेळी २६ वर्षांचे होते आणि त्यांना त्या शहरात येऊन जेमतेम सव्वा वर्ष झाले होते. चळवळीने त्यांना नेता केले. ती त्यांच्या येण्याची वाट पाहत थांबलेली नव्हती.

पुढचे ३८१ दिवस हे भाषणांपेक्षा वाहतूक व्यवस्थापनाचे दिवस होते. सुरुवातीला कृष्णवर्णीय टॅक्सीवाले बसच्याच दरात लोकांना नेत होते. नगर प्रशासनाने किमान भाड्याचा नियम पुढे करून ते बंद पाडले. मग बॅटन रूज शहरात १९५३ साली झालेल्या तशाच बहिष्काराचा अनुभव मागवून घेऊन खासगी मोटारींची व्यवस्था बसवण्यात आली. सुमारे तीनशे गाड्या, त्यांचे ठरलेले थांबे, पहाटे कामावर जाणाऱ्या मोलकरणींच्या वेळा, पेट्रोलचा हिशेब, बदली चालकांची यादी. गाड्यांचा विमा वारंवार रद्द केला गेला, तेव्हा शेवटी लंडनमधून विमा मिळवावा लागला. हे सगळे करणारी माणसे टपाल वाटणारी, शिकवणारी, धुणीभांडी करणारी होती, आणि त्यांच्यापैकी फारच थोड्यांची नावे आज कोणाला ठाऊक आहेत. बसमधला भेद ज्या खटल्याने संपवला त्यातही चार स्त्रियांच्याच नावे दाद मागितली होती. त्यांतली क्लॉडेट कोल्विन ही तर पार्क्स यांच्याही नऊ महिने आधी, वयाच्या पंधराव्या वर्षी, जागा न सोडल्याबद्दल अटक झालेली शाळकरी मुलगी होती. तिच्या अटकेनंतर शहर उठले नाही, कारण तिच्या अटकेवरून बहिष्कार पुकारण्याचे तेव्हा कोणी ठरवले नव्हते.

परदेशातले दाखले कशाला, असे कोणी म्हणेल; तर आपल्याकडचा महाडचा सत्याग्रह घ्यावा. सार्वजनिक पैशाने बांधलेली तळी, विहिरी, धर्मशाळा अस्पृश्यांना खुल्या असाव्यात, असा सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबईच्या कायदेमंडळाने १९२३ साली संमत केला आणि त्याला अनुसरून महाडच्या नगरपालिकेनेही चवदार तळे खुले असल्याचे जाहीर केले. म्हणजे कायद्याच्या कागदावर १९२४ मध्ये पाणी मोकळे झालेले होते. तरीही १९२७ च्या मार्चमध्ये कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली, तेव्हा जमलेल्या प्रतिनिधींसाठी चाळीस रुपयांचे पाणी सवर्णांकडून विकत घ्यावे लागले होते. ठराव आणि घागर यांच्यामध्ये जे अंतर असते ते कोणी तोडायचे, हाच प्रत्येक चळवळीपुढचा प्रश्न असतो, आणि महाडला तो अडीच-तीन हजार सामान्य माणसांनी २० मार्च रोजी तळ्यापर्यंत चालत जाऊन सोडवला.

ती माणसे तिथे कशी आली, याकडे आपण पुरेसे लक्ष देत नाही. डॉ. आंबेडकरांचे नाव आणि त्यांचे नेतृत्व यांचा प्रभाव अर्थातच होता. पण महाडच्या परिसरात रामचंद्र बाबाजी मोरे यांच्यासारखे कार्यकर्ते अशी परिषद भरावी म्हणून त्याआधी काही वर्षे झटत होते. गावोगाव फिरून लोकांना सांगणे, वर्गणी जमवणे, उतरण्याची आणि जेवणाची व्यवस्था लावणे हे काम त्यांनी व त्यांच्या सोबत्यांनी केले. सैन्यातून निवृत्त झालेली आणि म्हणून शिस्तीची व एकत्र हालचालीची सवय असलेली माणसे त्या भागात होती. अनंतराव चित्रे, सुरेंद्रनाथ टिपणीस यांच्यासारखे सवर्ण सहकारी आपल्या जातीचा रोष पत्करून परिषदेच्या बाजूने उभे राहिले होते. आणि त्या दिवशी पाणी पिऊन परतणाऱ्यांवर, मंदिरात शिरणार असल्याची अफवा पसरवून, हल्ला झाला, तेव्हा मार खाणाऱ्यांत प्रामुख्याने ही साधी प्रतिनिधी मंडळीच होती. पुढे नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, प्रकरण न्यायालयात गेले, आणि मुंबई उच्च न्यायालयाचा अनुकूल निकाल १७ मार्च १९३७ रोजी लागला. त्या सत्याग्रहाची आठवण आपण एका दिवसाची ठेवली आहे. त्यातल्या माणसांनी तो ठराव, परिषद, खटला आणि निकाल असा चौदा वर्षे भोगला.

एवढा काळ माणसे टिकून राहावीत, तर त्यांच्या हाताला सतत काहीतरी ठरावीक काम असावे लागते, असे माझे मत आहे. मी स्वतः काही वर्षे एका छोट्या संघटनेच्या जमाखर्चाची वही सांभाळली आहे, आणि माझा अनुभव असा, की सभेत उत्तम बोलणारा माणूस सहा महिन्यांनी दिसेनासा होतो, पण ज्याच्याकडे सभेच्या जागेची किल्ली आहे तो येतच राहतो. (ही वक्त्यांची निंदा नव्हे, त्यांना आपण किल्ली देत नाही, हा दोष आपला.) सामान्य माणसाला मोठ्या शब्दांपेक्षा कामाचा आकार हवा असतो: किती वेळ लागेल, कुठे यायचे, माझ्याबरोबर कोण असेल, आणि मला जमले नाही तर कोणाला कळवायचे.

राजस्थानातल्या मजदूर किसान शक्ती संघटनेने हे फार चांगले ओळखले होते. राजसमंद जिल्ह्यातील भीम येथे १ मे १९९० रोजी स्थापन झालेल्या या संघटनेतली बहुसंख्य माणसे दुष्काळी कामांवर राबणारे मजूर आणि अल्पभूधारक शेतकरी होती. किमान वेतन मिळत नाही, ही त्यांची मूळ तक्रार. अधिकारी म्हणत, हजेरीपटानुसार काम झालेले नाही. मजूर म्हणत, तो हजेरीपट दाखवा. या साध्या मागणीतून १९९४ च्या डिसेंबरमध्ये कोटकिराना येथे पहिली जनसुनवाई झाली. मिळवलेली कागदपत्रे गावासमोर मोठ्याने वाचली गेली, आणि ऐकणाऱ्यांतली माणसे उठून सांगू लागली, की या यादीतला अमुक माणूस त्या कामावर कधी आलाच नव्हता, किंवा या बिलातले सामान गावात कधी उतरलेच नाही. अक्षरओळख नसलेल्या बाईकडेही येथे अशी माहिती होती, जी कोणत्याही लेखापरीक्षकाकडे नव्हती: आपल्या गावात कोण जिवंत आहे, कोण मेले आहे आणि कोणती भिंत कधीच बांधली गेली नाही. सामाजिक न्यायाच्या कामात सामान्य माणसाची गरज केवळ संख्येसाठी असते, हा समज येथे पुरता मोडला. पुढे १९९६ मध्ये ब्यावर येथे चाळीस दिवस धरणे चालले, आसपासच्या गावांनी धान्य दिले, शहरातल्या व्यापाऱ्यांनी आणि कामगारांनीही हात दिला. राज्याराज्यांतल्या अशा दबावातून अखेर १२ ऑक्टोबर २००५ पासून माहितीचा अधिकार, तेव्हा जम्मू-काश्मीर वगळून, देशभर लागू झाला. आज कोणताही नागरिक अर्ज करून तीस दिवसांत उत्तर मागू शकतो, त्याची सुरुवात मजुरीचा हिशेब मागणाऱ्या माणसांनी केलेली आहे.

आता या सगळ्यावरचा सर्वांत गंभीर आक्षेप. माणसे ओळखीच्या माणसाने बोलावल्यावर येतात हे खरे मानले, तर आपल्या ओळखी कुठवर जातात हेही पाहावे लागते. आपल्या देशात त्या बहुधा जातीच्या, भाषेच्या आणि उत्पन्नाच्या कुंपणाशी थांबतात. ज्याच्या घरी सफाई कामगार फक्त दाराबाहेर उभा राहतो, त्याला त्या कामगाराच्या संघटनेतून हाक येण्याचा संभव किती? आपल्याच लोकांचा मोर्चा आपल्याला न्यायाचा वाटतो आणि दुसऱ्यांचा मोर्चा वाहतूक अडवणारा वाटतो, याचे मूळ बव्हंशी इथे आहे. हा आक्षेप मला पूर्ण मान्य आहे, आणि केवळ सद्भावनेने तो दूर होईल असे मी मानत नाही. त्यासाठी वेगवेगळ्या थरांतली माणसे काही कामानिमित्त वारंवार एकत्र बसतील अशा जागा लागतात.

अशा जागांतून काय उभे राहते याची दोन उदाहरणे मला महत्त्वाची वाटतात, आणि योगायोग असा, की दोन्हींची सुरुवात प्रौढ शिक्षणाच्या वर्गांत झाली. आंध्र प्रदेशातील नेल्लोर जिल्ह्यात साक्षरता मोहीम जोरात असताना, वाचन शिकवण्याच्या पुस्तिकेत दारूने उद्ध्वस्त झालेल्या घराचा धडा होता. दुबगुंटा गावातल्या स्त्रियांनी तो वाचला, त्यावर त्या आपसांत बोलल्या, आणि १९९२ मध्ये त्यांनी गावातले अरकाचे, म्हणजे स्वस्त देशी दारूचे, दुकान बंद पाडले. ही हकीकत पुढच्या पुस्तिकेत धडा म्हणून छापली गेली, ती वाचून दुसऱ्या गावांतल्या स्त्रिया उठल्या, आणि पाहता पाहता तो वणवा राज्यभर पसरला. १९९३ च्या ऑक्टोबरमध्ये राज्य सरकारला अरकावर बंदी घालावी लागली. त्यानंतर आलेली संपूर्ण दारूबंदी फार टिकली नाही, हे खरे आहे. पण संध्याकाळच्या वर्गात एकत्र बसलेल्या बायकांनी सरकारच्या महसुलाला हात घातला होता, आणि तो वर्ग स्वतः सरकारनेच भरवलेला होता, यातली गंमत मला अजून ओसरल्यासारखी वाटत नाही.

दुसरे उदाहरण पुण्याचे. श्रीमती नाथीबाई दामोदर ठाकरसी महिला विद्यापीठाच्या कार्यकर्त्या कचरा वेचणाऱ्या स्त्रियांमध्ये शिक्षणाचे काम करत होत्या. त्या स्त्रियांबरोबर राहून, त्यांचे काम जवळून पाहून, कार्यकर्त्यांच्या हे लक्षात आले, की प्रश्न अक्षरांच्या आधी कामाच्या प्रतिष्ठेचा आहे. त्यातून, आणि डॉ. बाबा आढाव यांच्या कष्टकऱ्यांच्या चळवळीच्या आधाराने, १९९३ मध्ये कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत उभी राहिली. तिची पहिली मोठी मागणी ओळखपत्राची होती. ज्यांना रस्त्यावर चोर समजून हटकले जात होते, त्यांच्या ओळखपत्राला महापालिकेने मान्यता दिली, आणि पुढे याच स्त्रियांची सहकारी संस्था शहरातल्या घराघरांतून कचरा गोळा करू लागली. विद्यापीठातून आलेल्या कार्यकर्त्यांनी येथे पुढारीपण घेतले नाही. कागद लिहिणे, कायदा वाचणे, कार्यालयात पाठपुरावा करणे ही आपल्याला येणारी कामे केली. सुरक्षित नोकरी आणि शिक्षण असलेल्या वाचकाने ‘मी काय करू’ असे विचारले, तर माझे उत्तर हेच आहे. ज्यांच्यावर अन्याय होतो त्यांच्या संघटनेत जावे, मागच्या रांगेत बसावे, आणि त्यांना गरज असेल ते कारकुनी काम उचलावे. आपल्याला सुचलेला उपाय त्यांच्यावर लादण्यासाठी स्वतंत्र संस्था काढणे हा मोह मध्यमवर्गाला फार लवकर होतो.

कारण किंमत सर्वांना सारखी मोजावी लागत नाही, हे विसरून चालणार नाही. मॉन्टगोमेरीतल्या जॉर्जिया गिलमोर या स्वयंपाकीण बाईंनी न्यायालयात बस-चालकाच्या वागणुकीविरुद्ध साक्ष दिली आणि त्यांची नोकरी गेली. त्यांनी आणि त्यांच्या मैत्रिणींनी घरी पदार्थ करून विकण्याचा एक गट काढला होता, आणि त्याची कमाई बहिष्काराच्या निधीत जात असे. गटाचे नाव होते ‘कुठलाच नसलेला क्लब’, म्हणजे पैसे कुठून आले असे कोणी विचारले तर खरेपणाने ‘कुठूनच नाही’ असे सांगता यावे आणि मदत करणाऱ्या मोलकरणींची कामे सुटू नयेत. सर्वांनीच रस्त्यावर यावे असा हट्ट धरणाऱ्यांनी या क्लबाचा विचार करावा. आणि अर्जेंटिनात, लष्करी राजवटीने पळवून नेलेल्या आपल्या मुलांचा पत्ता विचारण्यासाठी ३० एप्रिल १९७७ रोजी ज्या चौदा आया प्लाझा द मायो या चौकात जमल्या, त्यांना एकत्र आणणाऱ्या असुसेना व्हियाफ्लोर यांना त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये पळवून नेऊन ठार करण्यात आले. घरी बसलेल्या माणसाला भित्रा म्हणण्याआधी, त्याने बाहेर पडावे म्हणून त्याचे संरक्षण कोण करणार आहे, त्याची बुडालेली मजुरी कोण भरून देणार आहे, हे सांगता आले पाहिजे. जुन्या कामगार संघटना संपनिधी उभारत असत, तो याचसाठी.

‘हे सगळे राजकारण आहे, त्यात आपण पडू नये’ असे म्हणणाऱ्यांविषयी फार लिहीत नाही. पाणी, मजुरी, शिधा आणि शाळा यांचे निर्णय राजकारणातच होतात. पक्षांपासून अंतर ठेवणे वेगळे आणि निर्णयांपासून अंतर ठेवणे वेगळे.

आता थेट आपल्या वृत्तपत्राविषयी. आपल्या पानांवर आंदोलनाची बातमी येते तिचा साचा ठरलेला आहे. मोर्चा निघाला, घोषणांनी परिसर दुमदुमला, शिष्टमंडळाने निवेदन दिले, मागण्यांचा सहानुभूतीने विचार करण्याचे आश्वासन मिळाले, आणि आश्वासनानंतर आंदोलन मागे घेण्यात आले. सोबत निवेदन देतानाचे छायाचित्र. बातमी तिथे संपते, आणि वाचकाचा असा समज होतो, की चळवळ म्हणजे वर्षातून एखाद्या दिवशी उन्हात चालणे. त्या निवेदनाला आवक क्रमांक मिळाला का, ते कोणत्या टेबलावर आहे, महिन्याने त्याचे काय झाले, हे विचारायला संघटनेतली दोन-चार माणसे कामावरची रजा टाकून हेलपाटे घालत असतात. त्यांच्याविषयी ओळही येत नाही, आणि म्हणून ज्याला मोर्चात चालणे जमत नाही पण कार्यालयात बसून पाठपुरावा करणे सहज जमेल, अशा वाचकाला आपल्याजोगे काम तिथे आहे हे कधी कळतच नाही.

म्हणून माझी विनंती साधी आहे. अशा प्रत्येक बातमीबरोबर, जिथे संघटनेची तयारी असेल तिथे, त्यांची पुढची बैठक कुठे आणि किती वाजता आहे आणि त्यांना कोणत्या प्रकारची मदत हवी आहे, हे दोन ओळींत छापावे: हिशेब पाहणारा हवा आहे, अर्ज लिहून देणारा हवा आहे, सभेच्या दिवशी मुलांना सांभाळणारे कोणी हवे आहे. दर आठवड्याला सांस्कृतिक कार्यक्रमांच्या सूचना आपण छापता, तेवढीच जागा याला लागेल. आणि दुसरे, ज्या ज्या आश्वासनावर आंदोलन मागे घेतल्याची बातमी आपण देता, त्या आश्वासनाची तारीख आपल्या कार्यालयात नोंदवून ठेवावी आणि तीस दिवसांनी, ते पाळले गेले असो वा नसो, त्याचे पुढे काय झाले याची बातमी त्याच पानावर द्यावी. त्यासाठी लागणारा अर्ज लिहून देण्याचे, आणि त्याच्या उत्तराचा पाठपुरावा करण्याचे काम मी स्वतः करायला तयार आहे.

आपला,
एक नियमित वाचक